तुमचं आमेन, माझे उघडे डोळे

बाई,

काल दुपारी तुम्हाला माती दिली. दवाखान्याच्या मागं, लिंबाच्या पलीकडं, जिथं बोअर मारली तर पाणी लागेल असं तुम्ही दर उन्हाळ्यात म्हणायचात आणि लागणार नाही असं मी म्हणायचो. खड्डा खणताना खालपर्यंत नुसता मुरूम निघाला. म्हणजे आपला तो एक वाद मी जिंकलो. बाकीचे अजून चालूच आहेत.

माणसं पुष्कळ आली होती. औंधाकडची आली, पलूसकडची आली, कराडहून दोन गाड्या आल्या. चर्चच्या पाळकसाहेबांनी प्रार्थना केली, शेवटी आमेन म्हणाले, आणि माझ्या शेजारी उभी असलेली हौसाक्का पदरानं डोळे पुसत फोनवर कुणाला तरी म्हणाली, "व्हय, उरकलं. बाईंचं बी आमेन झालं." पाळकसाहेब या भागात नवे आहेत. केवढी भाविक म्हातारी, असं त्यांना वाटलं असणार. मला मात्र हसू आलं. मातीला जाऊन हसणारा मी एकटाच होतो. तुम्ही असता तर आपण दोघं असतो.

संध्याकाळी पाळकसाहेबांना सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं. ऑपरेशनच्या आधी तुम्ही कसं सगळं थांबवायचात ते सांगितलं. पेशंट टेबलावर जागी, वरचा दिवा लावलेला, सिस्टर हात धुऊन तयार, आणि तुम्ही म्हणायचात, "थांबा." सगळे डोळे मिटायचे. "प्रभू, हे तुझं लेकरू आमच्या हातात आलंय, आमच्या हातांना अक्कल दे," एवढंच बोलायचात, आणि मग आमेन. तो शब्द कानावर पडला की मी पेशंटच्या तोंडावर भुलीचा मास्क लावायचो. त्यामुळं पेशंटला शेवटचं काय ऐकू यायचं, तर आमेन. त्यानंतर एकदम खाटेवर जाग, पोटाला टाके, आणि दुखणं गेलेलं. बायाबापड्यांनी त्यातून जे समजायचं ते समजून घेतलं. आमेन हे औषधाचं नाव, आणि ते फक्त मिशनच्या दवाखान्यात मिळतं.

हौसाक्का त्यातली पहिली. गर्भाची पिशवी काढायच्या ऑपरेशनला आली होती. टेबलावर चढताना तिनं माझा हात घट्ट धरला आणि कानाशी म्हणाली, "दादा, मला वाईच जास्तीचं आमेन द्या. माझं अंग दांडगं हाय. कमी पडलं तर मधीच जाग यायची." मी म्हटलं, "आक्का, ते बाई देतात. मी नुसता वास देतो." तिला ते पटलं. घरी गेल्यावर तिनं आपल्या वस्तीत सांगितलं आणि बघता बघता तो शब्द आपल्या दवाखान्याच्या माळाच्या दोन्ही अंगांना पसरला, साताऱ्याच्या बाजूला पण आणि सांगलीच्या पण. कुटुंबनियोजनाचं ते लहान आमेन, पिशवीचं ते मोठं आमेन. "तिचं आमेन झालंय, घागर उचलू देऊ नगा." पुढं आपण कमरेत सुई देऊन भूल द्यायला लागलो, पेशंट जागीच राहायला लागली, तेव्हा तर तक्रारीच यायला लागल्या. "बाई, आमेन लागलंच न्हाई, मला समदं ऐकू येतंय की!"

तुम्हाला ते पहिल्यांदा कळलं त्या दिवशी तुमचा चेहरा उतरला होता. व्हरांड्यात चहा घेताना म्हणालात, "अशोक, हा देवाच्या दारात म्हणायचा शब्द आहे रे. तू लोकांना नीट समजावून सांग." मी म्हटलं, "मी कशाला? माझा शब्द थोडाच आहे तो?" आणि मग जीभ थांबली नाही म्हणून पुढं बोललो, "तुमच्या आधीच्या गोऱ्या मडमांनी इतकी वर्षं खपून या गावातला एक माणूस ख्रिस्ती केला नाही, आणि गावानं बसल्या जागी तुमच्या आमेनला मराठी करून टाकलं." तुम्ही कप खाली ठेवलात. गेली नोकरी, असं मी मनात म्हटलं. तुम्ही इतक्या हसलात की चष्मा काढून पुसावा लागला. पुढं कधीतरी मी ओपीडीच्या दारावरून जाताना ऐकलं, तुम्ही एका म्हातारीला विचारत होता, "आजी, याआधी कधी आमेन झालंय का?" म्हातारी म्हणाली, "दोनदा झालंय की!" आणि तुम्ही मान खाली घालून केसपेपरवर शहाण्या डॉक्टरांच्या इंग्रजीत ते उतरवून घेतलंत.

पण त्या शब्दावरून आपलं भांडण मिटलं मात्र नाही. मी म्हणायचो, बायकांची भीती मोडली, चाकू म्हटलं की पळून जायच्या त्या आता पायानं चालत टेबलापर्यंत येतात. तुम्ही म्हणायचात, भीती जरा जास्तच मोडली. उसाच्या फडात राबणाऱ्या तरण्याताठ्या बायका येऊन मोठं आमेन मागायला लागल्या, दर महिन्याची कटकट नको म्हणून, खाडा पडायला नको म्हणून. त्यांना तुम्ही दारातूनच परत पाठवायचात. "नाही देणार तुला आमेन. अंगात रक्त नाही तुझ्या. गोळ्या घे, भाकरीबरोबर पालेभाजी खा, आणि नवऱ्याला माझ्याकडं पाठवून दे." त्यातल्या काही दुसरीकडं जाऊन पिशवी काढून आल्या आणि आपल्याला दाखवायला म्हणून दारावरून गेल्या. तुम्ही त्या दिवशी जेवला नाहीत. मी तेव्हाही म्हणत होतो की शब्दाचा दोष नाही, आणि आजही म्हणतो. पण तुमचं म्हणणं खोडून काढायला माझ्याजवळ तेव्हाही काही नव्हतं.

हे सगळं गमतीचं, वादाचं, आपलं नेहमीचं. त्याच्याखाली एक गोष्ट होती, तिच्याबद्दल आपण बोललो नाही. म्हणजे मी बोललो नाही. तुम्ही माझी वाट बघत होता का? मी ख्रिस्ती व्हावं म्हणून? हा एक प्रश्न मी जवळजवळ सगळी नोकरी उशाला घेऊन झोपलो. कारण उत्तर हो असेल, तर तुम्ही मला शिकवलंत, सांगलीला ट्रेनिंगला पाठवलंत, माझ्या पोरीसाठी स्वेटर विणलंत, ते सगळं कशासाठी होतं, हे मला नव्यानं मोजायला लागलं असतं. आणि ते मोजायची माझी छाती नव्हती.

माझे दादा, म्हणजे वडील, मला तुमच्याकडं घेऊन आले तो दिवस तुम्हाला आठवत असणार. आमची पलूसकडची बौद्ध वस्ती. दादांनी धोतर धुऊन घातलेलं, टोपी हातात. तुम्ही बसा म्हणालात, ते बसले नाहीत. उभ्या उभ्याच म्हणाले, "बाई, आमचा धर्म एकदा बदलून झालाय. धर्म म्हंजी काय कराडचा स्टँड न्हाई, एका गाडीतनं उतरायचं आन दुसरी धरायची. पोरगं कामाला देतो. प्रार्थनेला न्हाई." मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. तुम्ही शांतपणे म्हणालात, "मला भूल देणारा माणूस हवाय. भूल देणाऱ्यानं डोळे मिटून चालतच नाही. आम्ही मिटू, यानं उघडे ठेवावेत. प्रार्थनेला याला मी कधी बोलावणार नाही, हा माझा शब्द." दादा तेव्हा खुर्चीवर बसले आणि चहा प्याले. गेटातून बाहेर पडताना मला म्हणाले, "बाई हुशार हाय. संभाळून ऱ्हा."

तर मी डोळे उघडे ठेवून उभा राहायला लागलो. सगळ्यांनी डोळे मिटलेत आणि आपण एकटेच बघतोय, हे पहिल्या पहिल्यांदा चोरासारखं वाटतं. मग सवय झाली. सिस्टरचे ओठ हलायचे, वॉर्डबॉय मान खाजवायचा. आणि तुम्ही, बाई, डोळे गच्च मिटून देवाशी बोलत असायचात, पण तुमची दोन बोटं पेशंटच्या मनगटावर नाडी बघत असायची. सगळं देवावर सोपवून मोकळ्या होणाऱ्यांतल्या तुम्ही नव्हता. मला त्या दोन बोटांमुळं तुमच्याबद्दल जी माया वाटायला लागली, ती तुमच्या प्रार्थनेमुळं वाटली नव्हती.

माझ्या लग्नात तुम्ही आमच्या वस्तीवर आलात. सतरंजीवर मांडी घालून बसलात. वंदना सुरू झाली, सगळ्यांनी हात जोडून डोळे मिटले, आणि मी नवरदेव असून सवयीनं इकडंतिकडं बघितलं, तर तुमचे डोळे टक्क उघडे. माझ्याकडेच बघत होता. नंतर पंगतीत विचारलं तर म्हणालात, "कुणीतरी उघडे ठेवायला हवेत ना?" कमल, माझी बायको, तेव्हा नवी होती. तिनं मला विचारलं, ह्या तुमच्या कोण? मी म्हटलं, साहेब. आता वाटतं, तेवढ्यावर भागवायला नको होतं.

गावाला मात्र सगळं आधीच ठाऊक होतं. आमच्या कामाचं नावच भूल. गावातले एक रिटायर हवालदार चावडीवर बसून सांगायचे, "मिशनवाली भूल पाडत्यात." मी म्हणायचो, "पाडत नाही, देतो. आणि उतरवतो पण." त्यांच्याच मिसेसना आतड्याला पीळ पडला म्हणून आपल्याकडं आणलं तेव्हा ते दारात आडवे झाले. "भूल द्यायला कराडचा डाक्टर बलवा. ह्यो वस्तीवरचा नगं." तुम्ही कोपरापर्यंत साबण लावत होता. मान वर न करता म्हणालात, "कराडचा डॉक्टर येईस्तोवर त्या थांबणार असतील तर बोलवा. नाहीतर बाहेर बाकावर बसा." आणि पायानं दार लोटलंत. मिसेस वाचल्या. त्यानंतर हवालदार मला भेटले की पाय जुळवून सॅल्यूट ठोकायचे, "राम राम, साब!" पण चावडीवर त्यांनी नवीनच सुरू केलं. "अशोक मनानं कवाच ख्रिश्चन झालाय गड्या. नुसतं पाण्यात बुडायचं ऱ्हायलंय."

तिकडून चर्चची माणसं. नाताळात केक खायला आलो की कुणीतरी खांद्यावर हात ठेवून म्हणायचं, "अशोकभाऊ, अजून किती वाट बघायला लावणार?" मी तुमच्याकडं बघायचो. तुम्ही केक कापण्यात गुंतलेल्या असायचात. ऐकू गेलं की नाही, कळायचं नाही. मी केक खायचो आणि सायकल काढून घरी यायचो. दादा होते तोवर विचारायचे, "काय म्हणली का बाई?" मी म्हणायचो, न्हाई. ते म्हणायचे, "मग म्हणंल." दादा गेले, तरी तुम्ही काही म्हणाला नाहीत.

या शेवटच्या दुखण्यात सांगलीच्या त्या मोठ्या हॉस्पिटलात तुम्हाला ठेवलं तेव्हा तुम्हाला सगळं कळलेलं होतं. स्वतःचे रिपोर्ट दुसऱ्याच कुणाचे असावेत तसे तुम्ही मला वाचून दाखवलेत. मग तक्रार केलीत की तिथं ऑपरेशनच्या वेळी सिनेमातली गाणी लावतात. "कुणी थांबलंच नाही रे. मी आपली मनातल्या मनात आमेन म्हणेपर्यंत त्या पोरानं सुई घातलीसुद्धा." आपण हसलो. दुपारची वेळ होती, खिडकीतून ऊन पायावर आलेलं, मी पडदा ओढायला उठलो, आणि पाठमोरा असल्यामुळंच बहुतेक विचारू शकलो.

"बाई, तुम्ही माझी वाट बघत होता का? मी तुमच्यात यावं म्हणून?"

तुम्ही लगेच म्हणालात, "हो."

मी पडदा धरून उभा. तुम्ही म्हणालात, "रोज सकाळी मागते. तुझं नाव घेऊन. तुझे वडील त्या दिवशी गेटाबाहेर पडले, तेव्हापासून."

"दादांना तर तुम्ही शब्द दिला होता."

"तुला प्रार्थनेला बोलावणार नाही, असा दिला होता. तुझ्यासाठी करणार नाही, असा कुठं दिला होता?"

"ही वकिली झाली, बाई."

"असेल. पण आता जाताना तुझ्याशी खोटं बोलू का?" थोडा दम खाऊन तुम्ही म्हणालात, "मागितलं, मिळालं नाही. म्हणून मी तुला कधी कमी लेखलं का? सांग ना."

मी म्हटलं, "गाव बोलत होतं तेच खरं निघालं." भेटायची वेळ संपली असंही म्हटलं. ती संपायला अजून अवकाश होता, घड्याळ तुमच्या समोरच्याच भिंतीवर होतं. तुम्ही घड्याळाकडं बघितलंत, माझ्याकडं बघितलंत, आणि म्हणालात, "सावकाश जा. रस्त्यात उसाचे ट्रॅक्टर असतात."

बाई, मला फार राग आला होता. राग कसला म्हणाल, तर ज्या खोलीत आपण सुखानं राहिलो त्या खोलीला आणखी एक दार होतं आणि ते आपल्याला कुणी सांगितलं नाही, तसला. घरी येऊन कमलला सगळं सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. तिनं मान वरसुद्धा केली नाही. म्हणाली, "आवं, लगीन झाल्यापास्नं मी म्हणती, तुमी तंबाखू सोडा. रोज म्हणती. सोडली का तुमी? न्हाई. मग मी काय तुमाला नवरा न्हाई म्हणती व्हय?"

मी म्हटलं, "तंबाखू आणि धर्म एकच का?"

"तुमाला न्हाई, मला बी न्हाई. पर मागणारीला आपल्या माणसाचं बरं व्हावं एवढंच कळतं. तुमचं बरं कशात हाय, ते बाईंना चुकीचं कळलं आसंल. त्येला काय करायचं? जावा उद्या. रुसून बसायचं वय हाय का हे?"

कमलचं मला सगळं पटलं नाही. पण उद्या जायचं असं मी ठरवलं. तुम्हाला सांगायला जायचं होतं, की नाही, तुम्ही मला कधी कमी लेखलं नाहीत. तुम्ही विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर तेवढंच होतं, आणि ते न देताच मी उठलो होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी निघालोच होतो, तर अडलेली बाई आली. मूल आडवं. भूलतज्ज्ञ आता कराडहून येतात, पण ते पोचेपर्यंत कुणीतरी तिच्यापाशी लागतं, म्हणून थांबलो. केस टाकून तुमच्याकडं आलो असतो तर तुम्ही मला दारातूनच परत फिरवलं असतं. मुलगी झाली, चांगली रडली. बाहेर आलो तेव्हा सांगलीहून फोन येऊन गेलेला होता.

तर बाई, उत्तर आता इथं देतो. तुम्ही मला कमी लेखलं नाहीत, कधीच नाही. आणि तुमचं ते मागणं मला अजूनही मान्य नाही. मला न सांगता, माझ्या बापाच्या पाठीमागं, तुम्ही इतकी वर्षं देवापुढं माझा हट्ट धरलात, आणि तुमचा देवही भला, त्यानं दादांचं ऐकलं. मी होतो तसाच आहे. मरेनही असाच. पुढं कुठं गाठ पडायची असेल यावर माझा विश्वास नाही, त्यामुळं हे भांडण मला एकट्यालाच चालवावं लागणार, आणि तुमच्या बाजूनंही मलाच बोलावं लागणार.

आज सकाळी उठलो. तोंड धुतलं, ओट्यावर बसलो, कमलनं चहा आणून दिला. चहा पिताना ध्यानात आलं की इतकी वर्षं याच वेळेला माळावरच्या त्या खोलीत कुणीतरी माझं नाव घेत होतं, आणि मला त्याचा पत्ताही नव्हता. आज ते कुणी घेतलं नाही. बाई, मला करमत नाही.